गणित, घर आणि घराणे

(रात्रीच्या प्रौढ वर्गाच्या समारोपप्रसंगी केलेले भाषण)



आज तुमचा वर्ग पुरा झाला. तुम्हांला सही येते, एस.टी.ची पाटी वाचता येते, हिशेबही थोडाफार येतो. दिवाळीच्या सुमारास तुमच्यापैकीच एका बाईंनी आम्हांला विचारले होते, "गुरुजी, एवढं आलं की पुरे झालं. ती जाडजूड पुस्तकं आमच्या काय कामाची? ती पंडितांची!"

प्रश्न रास्त होता. आम्ही स्वतः मॅट्रिकपर्यंतच शिकलो. मोठ्या ग्रंथांची आम्हांलाही पुष्कळ वर्षे भीती वाटे. त्या बाईंना तेव्हा आम्ही उत्तर दिले नाही. आज देतो.

आपल्या जळगाव जिल्ह्यात चाळीसगावच्या नैर्ऋत्येला, सह्याद्रीच्या कुशीत, पाटण नावाचे जुने ठिकाण आहे. लोक पाटणादेवी म्हणतात. तेथे भवानीच्या देवळात एक कोरीव शिलालेख सापडला. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो एकोणिसाव्या शतकात उजेडात आणला. त्या एका दगडावर एका घराण्याच्या नऊ पिढ्या आहेत. त्रिविक्रम, त्याचा मुलगा भास्करभट्ट, मग गोविंद, प्रभाकर, मनोरथ, महेश्वर, भास्कर, लक्ष्मीधर आणि चांगदेव.

यांतला सातवा भास्कर म्हणजेच थोर गणिती भास्कराचार्य. त्यांचा जन्म इ. स. १११४ चा. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, म्हणजे ११५० साली, त्यांनी 'सिद्धांतशिरोमणी' हा ग्रंथ रचला. अंकगणिताची 'लीलावती' त्यांचीच. नातू चांगदेव हा यादवराजा सिंघण याच्या दरबारी ज्योतिषी होता. आजोबांचे ग्रंथ लोकांनी शिकावेत म्हणून त्याने पाटणला मठ काढला. म्हणजे एक शाळाच म्हणा ना! त्या मठाला १२०७ साली देणग्या मिळाल्या, त्या या दगडावर नोंदल्या आहेत.

आणि गंमत पाहा. वरचा लेख संस्कृतात आहे, पण शेवटच्या काही ओळी जुन्या मराठीत आहेत. का बरे? तेथे बाजारच्या मालावरच्या कराची गोष्ट आहे. दर घाण्यामागे पळीभर तेल मठाला द्यावे, असे तेथे लिहिले आहे. राजाची स्तुती संस्कृतात चालेल. पण तेल द्यायचे तेल्याने, त्याला कळेल अशाच भाषेत ते लिहायला हवे. पंडितांच्या शाळेचा दिवा तेल्याच्या तेलावर जळत असला पाहिजे. मग त्या ग्रंथांवर त्याचा काहीच हक्क नाही, असे कसे म्हणावे?

आता 'लीलावती'त काय आहे ते ऐका. विहीर-खड्डा खणला तर माती किती निघेल, विटांच्या रचलेल्या ढिगात विटा किती, करवतीने लाकूड कापल्याचे माप किती, धान्याची रास किती, सावलीवरून दिव्याची उंची किती, असे सारे हिशेब तेथे आहेत. हे कुणाचे हिशेब? बेलदाराचे, गवंड्याचे, सुताराचे आणि शेतकऱ्याचे!

सुगी आली तेव्हा आम्ही सगळा वर्ग त्या बाईंच्या खळ्यावर नेला, हे तुम्हांला आठवत असेल. ज्वारीची रास पडली होती. व्यापाऱ्याचा माणूस नुसत्या नजरेने पाहून म्हणाला होता, "अडीच पोती होतील. उक्ती देऊन टाका." बाई देणारच होत्या. आम्ही म्हटले, "जरा थांबा. आधी भास्कराचार्यांना विचारू."

राशीभोवती दोरी धरली. घेर भरला बारा हात. भास्कराचार्य सांगतात, जाड्या धान्याच्या राशीची उंची घेराच्या दहाव्या भागाइतकी असते. म्हणजे एक हात आणि वर हाताचा पाचवा भाग. मग घेराला सहाने भागा. आले दोन. दोनाला दोनाने गुणा, चार. त्याला उंचीने गुणा. आले चार आणि वर पाऊणपेक्षा थोडे अधिक. म्हणजे हातभर लांब, हातभर रुंद, हातभर खोल अशा पेटीने रास भरली, तर चार पेट्या पूर्ण होऊन पाचवी पाऊणच्या वर भरेल.

आपल्या वर्गातल्या सुताराने तशी पेटी करून आणली होती. ज्वारी मोजली. चार पेट्या भरल्या आणि पाचवी निम्म्याच्या जरा वर गेली. थोडा फरक पडलाच. तो का पडला? खळ्यावर हिशेब तोंडी करता यावा म्हणून या रीतीत घेर हा व्यासाच्या तिप्पट धरला आहे. खरा घेर तिपटीहून थोडा जास्त असतो. भास्कराचार्यांना ते चांगले ठाऊक होते. व्यास १२५० असेल तर घेर ३९२७, असे सूक्ष्म मापही त्यांनीच दिले आहे. सोप्या रीतीने उत्तर वीसाला एक इतके वाढीव येते, हे आपण ध्यानात ठेवले म्हणजे झाले.

ज्वारी पोत्यांत भरून काट्यावर घातली, तेव्हा क्विंटलाची तीन पोती होऊन वर काही किलो उरली. अर्ध्या पोत्याहून जास्त ज्वारी नजरेच्या अंदाजात जाणार होती! बाई काही बोलल्या नाहीत. त्यांनी ती दोरी गुंडाळून कमरेला खोचली. अशी किती वर्षांची अर्धी पोती गेली असतील, याचा हिशेब त्या मनात करत असाव्यात.

आता घराकडे वळू. 'लीलावती'त एक उदाहरण आहे. बत्तीस हातांचा बांबू वाऱ्याने मोडला. त्याचे टोक बुंध्यापासून सोळा हातांवर जमिनीला टेकले. तर तो किती उंचीवर मोडला? उत्तर आहे बारा हात. मोडलेला तुकडा वीस हातांचा. बारा, सोळा आणि वीस. प्रत्येकाला चाराने भागा. तीन, चार आणि पाच. आपल्या वर्गातले गवंडीदादा लगेच म्हणाले, "गुरुजी, हा तर आमचा गुण्या!" खरेच आहे. पाया आखताना गवंडी एका बाजूला तीन हात आणि दुसरीला चार हात मोजतो. तिरकी दोरी पाच हात भरली की कोन काटकोन झाला. दादांना विद्या येत होती. ती ग्रंथात आहे, एवढेच ठाऊक नव्हते.

घरबांधणीचेही थोर ग्रंथ आहेत. धारच्या भोजराजाच्या नावावर 'समरांगणसूत्रधार' हा ग्रंथ आहे. त्यात त्र्याऐंशी अध्याय आहेत. नगर कसे वसवावे, घर आणि देऊळ कसे बांधावे, यंत्रे कशी करावीत, हे सारे त्यात आहे. बडोद्याला १९२४-२५ साली तो छापून निघाला. आणि पाटणचा शिलालेख काय सांगतो? त्या घराण्यातल्या दुसऱ्या पुरुषाला, भास्करभट्टाला, भोजराजानेच 'विद्यापति' ही पदवी दिली होती. अशी गणिताची, घराची आणि घराण्याची गाठ एकाच दगडावर पडली आहे.

शेवटी एक गोष्ट सांगायची राहिली. त्या नऊ पिढ्यांत बाईचे नाव एकही नाही. लीलावती ही भास्कराचार्यांची मुलगी, असे लोक सांगतात. ती कथा अकबराच्या दरबारातल्या फैजीने १५८७ साली केलेल्या फारसी भाषांतरातून पसरली. मूळ ग्रंथात मुलीचा उल्लेख नाही. पण ग्रंथात लीलावती नावाच्या एका बालेला हाक मारून प्रश्न घातले आहेत, हे खरे. वंशावळीत बाईला जागा मिळाली नाही. गणिताच्या पुस्तकाला मात्र तिचेच नाव मिळाले.

आपल्या घरीही वंशावळ लिहिली जाते, बरं का. बाप वारला की तलाठ्याकडे वारसनोंद होते. तेव्हा बहिणींची नावे कधी राहून जातात, तर कधी हक्कसोडीच्या कागदावर त्यांचा अंगठा घेतला जातो. २००५ च्या कायद्याने हिंदू कुटुंबात वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतकाच हक्क आहे. हक्क सोडायचा असेल तर खुशीने सोडा; पण कागद वाचून, समजून सोडा. अंगठ्याचे दिवस आता संपले.

म्हणून आमचे मागणे एवढेच. घरी गेल्यावर एक कोरा कागद घ्या. आपल्या घराण्याच्या जेवढ्या पिढ्या ठाऊक असतील तेवढ्या लिहा. आजीला विचारा, आत्याला विचारा. बापाशेजारी आईचे नाव लिहा, भावाशेजारी बहिणीचे लिहा. पाटणच्या दगडावर जे राहून गेले, ते तुमच्या कागदावर राहू देऊ नका.

आणि ती दोरी जपून ठेवा. पुढच्या सुगीत लागेल.