चरित्रकाराची कसोटी

(चरित्रलेखन कार्यशाळेत केलेल्या भाषणाचा संपादित अंश)



चरित्रलेखनास माणूस बहुधा श्रद्धेपोटीच प्रवृत्त होतो. ज्याच्याविषयी आदर नाही, त्याची पत्रे आणि जुनी वृत्तपत्रे वर्षानुवर्षे कोण चाळत बसेल? परंतु श्रद्धा केवळ लेखणी हाती देते. ती कशी चालवावी, हे पुराव्यानेच ठरवावे लागते. या दोहोंत विरोध उभा राहतो, तेथे चरित्रकाराची कसोटी लागते.

रत्नागिरीत जन्मलेल्या धनंजय कीरांचे उदाहरण घ्या. पाठीशी विद्यापीठाची पदवी नव्हती, चरितार्थासाठी मुंबई महापालिकेत नोकरी. तरीही १९५० मध्ये स्वातंत्र्यवीर सावरकरांचे आणि १९५४ मध्ये डॉ. आंबेडकरांचे इंग्रजी चरित्र त्यांनी सिद्ध केले. दोन्ही चरित्रनायक तेव्हा हयात होते. हयात व्यक्तीचे चरित्र अपुरेच राहते. बाबासाहेबांचे १९५६ मधील धर्मांतर आणि महानिर्वाण पुढील आवृत्तीतच येऊ शकले.

याहून अवघड कसोटी पुढे होती. १९५९ मध्ये कीरांनी लोकमान्यांचे चरित्र लिहिले, तर १९७६ मध्ये राजर्षी शाहूंचे. कोल्हापूरच्या वेदोक्त प्रकरणात हे दोघे परस्परविरुद्ध बाजूंस उभे होते. अशा वेळी चरित्रकाराला त्याच घटनेत दोनदा, दोन निराळ्या दारांनी शिरावे लागते. एकाचा वकील झालेल्या लेखकाला दुसऱ्या दाराची कडी सापडत नाही.

आता माझी चूक सांगतो. काही वर्षांपूर्वी एका दिवंगत शिक्षकाचे छोटेखानी चरित्र मी लिहिले. शाळेच्या निधीचा हिशेब आपल्या हातून चुकल्याची कबुली देणारे त्यांचे पत्र मला मिळाले होते. तूट त्यांनी पदरमोड करून भरली होती. घरच्यांनी विनवले, "अण्णांचे हे आता कशाला?" भिडेपोटी मी ते पत्र गाळले. पुस्तकाचे कौतुक झाले. मात्र त्यांचा एक वृद्ध विद्यार्थी म्हणाला, "यात आमचे गुरुजी दिसत नाहीत. ते चुकत, आणि भर वर्गात चूक मान्य करीत."

दोष झाकण्याच्या नादात मी त्यांचा सर्वांत मोठा गुणच पुसून टाकला होता. मित्रहो, आपण चरित्र लिहाल तेव्हा नायकाची मूर्ती घडवू नका. माणूस उभा करा. तो खरोखर थोर असेल, तर सत्याने त्याची उंची कमी होणार नाही.