पडद्यावरची थंडी आणि पानिपतचं ब्लँकेट



मला या व्याख्यानमालेचा फोन आला तेव्हा मी आधी विचारलं, 'तुमचा नंबर चुकला नाही ना?' कारण मी प्राध्यापक नाही आणि सिनेमावर लिहिणाराही नाही. झाशीच्या बडा बाजारात आमचं रजया आणि ब्लँकेटांचं दुकान आहे. गल्ल्यावर बसणारी माझी चौथी पिढी. आम्ही घरात मराठी बोलतो आणि दुकानात बुंदेली. तुम्ही मंडळी झाशीला येता, किल्ला बघता, राणीमहाल बघता, १८४२ साली गंगाधरराव आणि लक्ष्मीबाईंचं लग्न झालं ते गणेश मंदिर बघता आणि संध्याकाळची गाडी पकडता. त्याच जुन्या शहराच्या गर्दीत आम्ही बसलेलो असतो.

या धंद्यामुळे मला एक खोड लागली आहे. युद्धाचा सिनेमा लागला की घरातले सगळे बंदुका बघतात आणि मी सैनिकाच्या अंगावरचं कापड बघतो. कोट लोकरीचा की नुसता जाड सुताचा? अस्तर आहे का? पायात काय आहे? बायको म्हणते, 'अहो, तो मरतोय आणि तुम्ही त्याचा स्वेटर काय बघताय?' आज मी त्या स्वेटरबद्दलच बोलणार आहे.

पडद्यावर थंडी दाखवणं तसं सोपं असतं. पांढरा डोंगर, तोंडातून निघणारी वाफ, भुवयांवर साचलेला बर्फ आणि मागे बासरी. प्रेक्षक शहारतो. पण थंडीत माणूस तगतो तो अंगावरचं पांघरूण, पोटातलं अन्न आणि चुलीतलं सरपण यांच्या जोरावर. हे सगळं सैनिकाला कुणीतरी दुरून पोचवावं लागतं. हे पोचवणारं माणूस सिनेमात सहसा दिसत नाही. त्यामुळे थंडी म्हणजे देवाची करणी वाटते, आणि मेलेला सैनिक फक्त शूर वाटतो. तो शूर असतोच. पण त्याला पांघरूण का मिळालं नाही, हा प्रश्न टाळ्यांमध्ये राहून जातो.

याची सुरुवात आमच्याच घरातून करतो.

चेतन आनंद यांचा 'हकीकत' १९६४ साली आला. १९६२ च्या चीन युद्धावरचा हा कृष्णधवल सिनेमा लडाखमध्ये जाऊन चित्रित केलेला. बलराज साहनी, धर्मेंद्र, जयंत. आमचे वडील तेव्हा दहा वर्षांचे होते. आजोबा त्यांना घेऊन सिनेमाला गेले. अर्ध्यावर आजोबा उठले आणि म्हणाले, 'चल.' वडील म्हणाले, 'नाना, अजून संपला नाही.' तरी त्यांनी हात धरून बाहेर आणलं. घरी येईपर्यंत एक शब्द बोलले नाहीत.

कारण वडिलांना पुष्कळ वर्षांनी कळलं. १९६२ च्या त्या दिवसांत देशभर जवानांसाठी गोळा करणं चाललं होतं. बायका स्वेटर विणत होत्या, अंगावरचं सोनं उतरवून देत होत्या. आजोबांनीही दुकानातून ब्लँकेटं दिली. नगावर मोजून दिली, पण वजनाला हलकी, मागच्या हंगामात न खपलेली. जड माल मागे ठेवला, कारण समोर लग्नसराई होती. 'ती वर पोचली की नाही, देव जाणे,' असं ते शेवटी शेवटी म्हणायचे, 'पण पोचली असतील तर वाईट.' पडद्यावरचा तो बर्फ त्यांना बघवला नाही तो यासाठी.

आता १९६२ ची वस्तुस्थिती बघा. आजच्या अरुणाचलात नामका चूच्या खोऱ्यात जी ७ वी ब्रिगेड पाठवली, तिच्यातले कितीतरी जवान सुती गणवेशात होते. त्या ब्रिगेडचे प्रमुख जॉन दळवी पकडले गेले. सुटून आल्यावर त्यांनी 'हिमालयन ब्लंडर' हे पुस्तक लिहिलं. त्यात गोळ्यांच्या टंचाईइतकीच कपड्यांची टंचाई आहे. लडाखमध्ये रेझांग ला इथे १८ नोव्हेंबरला १३ कुमाऊंची एक कंपनी मेजर शैतानसिंग यांच्याबरोबर लढली. सुमारे १२० जवान, बहुतेक हरियाणाच्या सपाट मुलखातले, त्यातले शंभराहून अधिक गेले. पुढच्या वर्षी मृतदेह सापडले ते बर्फात, शस्त्रांसकट गोठलेले. या लढाईवरचा '१२० बहादुर' हा सिनेमा यायला २०२५ साल उजाडलं.

त्याच नोव्हेंबरात यशवंतराव चव्हाण मुंबईहून दिल्लीला संरक्षणमंत्री म्हणून गेले. हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला, असं आपण अभिमानाने म्हणतो. म्हणावंच. पण तिथे त्यांच्यापुढे पडलेलं काम पोवाड्यातलं नव्हतं. सैन्याची संख्या, हत्यारं, रस्ते, डोंगरात लढायला लागणारं सामान, हे सगळं उभं करायचं होतं. त्यावर सिनेमा निघत नाही, कारण फायलीतून वाफ निघताना दाखवता येत नाही.

दाखवता येतं, असं मला माझ्या मुलाने दाखवून दिलं. त्याने मोबाइलवर 'बँड ऑफ ब्रदर्स' ही २००१ ची अमेरिकन मालिका लावून दिली. १९४४ च्या डिसेंबरात बेल्जियममधल्या बास्तोन्य गावाभोवती अमेरिकन सैनिक वेढ्यात अडकले, त्यावरचा एक अख्खा भाग आहे. ते जंगल इंग्लंडमध्ये एका हँगरच्या आत उभारलं होतं आणि बर्फ कागदाचा होता. म्हणजे थंडी शंभर टक्के खोटी. तरीही मला रजई ओढून घ्यावीशी वाटली. कारण त्या भागाचा नायक बंदूकवाला नाही, रो नावाचा वैद्यकीय मदतनीस आहे. तो या खड्ड्यातून त्या खड्ड्यात फिरतो आणि मागत राहतो. कात्री आहे का? पट्ट्या आहेत का? मॉर्फिन? प्रत्येक 'नाही'ला थंडी वाढत जाते. काय नाही ते दाखवलं की बर्फ कागदाचा असला तरी चालतो.

आता आपल्या घरच्या हिवाळ्याकडे येऊ. पानिपत.

संजय खान यांच्या 'द ग्रेट मराठा' मालिकेत आपण पानिपत पाहिलं. हेच संजय खान 'हकीकत'मध्ये अभिनेते होते. २०१९ साली आशुतोष गोवारीकरांचा 'पानिपत' आला. हत्ती, तोफा, शनिवारवाड्याचा भव्य देखावा, सगळं होतं. थंडी मात्र मला फारशी लागली नाही.

मंडळी, भाऊसाहेबांची छावणी पानिपतला पडली १७६० च्या ऑक्टोबरअखेरीस. लढाई झाली १४ जानेवारी १७६१ ला. अडीच महिने, आणि तेही उत्तरेच्या ऐन हिवाळ्यात. सैन्याबरोबर बायका, यात्रेकरू, बाजारबुणगे. ऑक्टोबरात कुंजपुरा जिंकून धान्य मिळालं होतं, ते संपलं. सरपण आणि चारा आणायला रात्री छावणीबाहेर पडलेल्या लोकांची मोठी कत्तल झाली, असं त्या काळी तिथे हजर असलेल्या काशीराजाने लिहून ठेवलं आहे. म्हणजे शेकोटीची लाकडंही जीव देऊन आणायची. शेवटच्या दिवशी उपाशी माणसं लढायला निघाली ती दक्षिणेकडे तोंड करून. हिवाळ्यातला सूर्य दक्षिणेला खाली असतो, तोही डोळ्यांवर आला.

आणि यात आमचा बुंदेलखंड कुठे आहे? ज्या नारोशंकरांनी झाशी वसवली, वाढवली, ते तेव्हा दिल्ली सांभाळत होते. आणि आमच्याकडची वसुली सांभाळणारे गोविंदपंत बुंदेले, वय झालेलं, शरीर जड, यमुनेपलीकडे अब्दालीची रसद तोडायला आणि आपल्या छावणीला धान्य-पैसा पोचवायला फिरत होते. भाऊसाहेबांची कडक पत्रं त्यांना येत होती. डिसेंबर १७६० मध्ये अफगाण स्वारांनी त्यांना अचानक गाठलं आणि ठार केलं. त्यानंतर छावणीची आशाच तुटली. मोठी माणसं पानिपतचा दोष कुणाच्या गर्वाला देतात, कुणाच्या भाऊबंदकीला. त्यावर बोलायचा माझा अधिकार नाही. पण दुकानदार म्हणून मला एवढं कळतं, की ज्या दिवशी माल आणणारा माणूस मेला, त्या दिवशी निम्मी लढाई संपली होती. गोविंदपंतांच्या नावावर तिकीट खपत नाही, ही गोष्ट वेगळी.

आता शेवटची गोष्ट, आणि मी थांबतो.

दरवर्षी ऑक्टोबरात आमच्या गल्लीत हातगाडीवरून गठ्ठे येतात. रजईचा कापूस आम्ही इथेच पिंजून घेतो, पण ब्लँकेटं बाहेरून येतात. गठ्ठ्यावर गावाचं नाव छापलेलं असतं, पानिपत. फाळणीनंतर पश्चिम पंजाबातून आलेले विणकर तिथे स्थिरावले. आज देशोदेशीचे टाकून दिलेले लोकरी कपडे तिथे येतात, त्यांचा पुन्हा धागा होतो आणि त्याची ब्लँकेटं होतात. लष्करालाही तिथून ब्लँकेटं गेली आहेत. ज्या मैदानात आपली माणसं पांघरुणाविना कुडकुडली, तिथून आज झाशीच्या मराठी दुकानात ऊब येते. पहिल्यांदा हे लक्षात आलं तेव्हा मी गठ्ठा न सोडता तसाच बसून राहिलो होतो.

मागच्या हिवाळ्यात एक बाई आल्या, मऊरानीपुरच्या बाजूच्या खेड्यातल्या. मुलगा फौजेत, लडाखला बदली झालेली. सगळ्यात जड ब्लँकेट मागत होत्या. मी म्हटलं, 'अम्मा, फौज त्याला यापेक्षा चांगलं देते. हे तिथे उपयोगाचं नाही.' खरं तेच सांगितलं. त्या म्हणाल्या, 'देती होगी. फिर भी तौल के दो.'

मी तराजूवर ठेवून, तोलून दिलं. पैसे घेताना आजोबांची आठवण झाली.

तेव्हा पुढच्या वेळी पडद्यावर बर्फ पडेल, तेव्हा तुम्ही सैनिकाच्या डोळ्यांतलं पाणी जरूर बघा. पण एकदा त्याच्या अंगावरचं कापडही बघा. ते कुणी पाठवलं, आणि तोलून पाठवलं का, हा प्रश्न घरी घेऊन जा.