मुळ्याचा भाऊबंद ‘रॅडिकल’

अद्रक जमिनीखाली वाढते. पण ती मूळ नव्हे, खोड आहे. मुळा मात्र बहुतांशी मूळच. त्याचं नावही संस्कृत ‘मूल’वरून आलंय. इंग्रजीतही तसंच: लॅटिनमध्ये मूळ म्हणजे ‘रेडिक्स’, त्यावरून मुळ्याचं ‘रॅडिश’ आणि विशेषण ‘रॅडिकल’.

चौदाव्या शतकाच्या अखेरीस इंग्रजीत आलेल्या या शब्दाचा अर्थ साधाच होता, मुळाशी संबंधित. वनस्पतिशास्त्रात बुंध्यालगत फुटणारी पानं आजही ‘रॅडिकल’च. गणितात वर्गमुळाचं चिन्हही ‘रॅडिकल’. जर्मन गणिती क्रिस्टोफ रुडॉल्फ यांनी ते 1525 साली छापलं.

राजकारणात शब्द उशिरा शिरला. 1797 साली ब्रिटिश नेते चार्ल्स जेम्स फॉक्स यांनी ‘रॅडिकल’ सुधारणा मागितल्या, म्हणजे व्यवस्था मुळापासून बदला. आज तो ‘जहाल’ किंवा ‘अतिरेकी’ म्हणून सर्रास वापरतात. मला ‘मूलगामी’ जवळचा वाटतो. जहालपणा आवाजात असतो, मूलगामीपणा विचारात.

भारतातही हे विशेषण एका पक्षाच्या नावात आलं: विचारवंत मानवेंद्रनाथ रॉय यांनी 1940 साली पक्ष काढला तो रॅडिकल डेमोक्रॅटिक पार्टी. वाईचे तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी रॉय यांचे सहकारी होते. हा पक्ष 1948 साली रॉय यांनीच विसर्जित केला.