पुरावा आणि करुणा



नवपदवीधरांनो, आज पदवीची जी सनद तुमच्या हाती येत आहे, तिने तुम्हांस कोणता अधिकार दिला आणि कोणते ऋण तुमच्या शिरावर ठेवले, याचा विचार एका लेखकाच्या जीवनकार्याच्या आधारे करावा, या हेतूने मी कै. अरुण साधू यांचे स्मरण करीत आहे.

१९४१ साली परतवाड्यास जन्मलेले साधू पत्रकार म्हणून मुंबईत स्थिरावले. मंत्रालयातील मसलती, कामगार पुढाऱ्यांचे डावपेच आणि सत्तेच्या दलालांची ये-जा बातमीदाराच्या नित्य परिचयाची असते. परंतु त्या व्यवहारात गुंतलेल्या माणसांची महत्त्वाकांक्षा, भीती आणि मनस्ताप यांना वृत्तपत्राच्या स्तंभात सहसा जागा मिळत नाही. ती जागा साधूंनी ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ (१९७७) या कादंबऱ्यांत निर्माण केली. या दोहोंच्या आधारे जब्बार पटेल यांनी १९७९ साली काढलेला ‘सिंहासन’ हा चित्रपट मराठी माणूस राजकारणाच्या चर्चेत अद्यापि आठवतो.

ज्यांच्या ठायी कल्पनाशक्तीचे एवढे वैभव होते, त्यांनीच चीनच्या क्रांतीवर ‘...आणि ड्रॅगन जागा झाला’ आणि क्युबाच्या क्रांतीवर ‘फिडेल, चे आणि क्रांती’ हे ग्रंथ लिहिताना त्या शक्तीस पुराव्याच्या शिस्तीत ठेवले, आणि दूरदेशींचा इतिहास सामान्य मराठी वाचकाच्या आटोक्यात आणला. पुढे पुणे विद्यापीठाच्या वृत्तपत्रविद्या विभागाचे प्रमुखपद त्यांनी सांभाळले; २००७ साली नागपूरच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपदही त्यांना लाभले.

तथापि तुम्हां उपनगरवासीयांना मी विशेषेकरून त्यांची ‘झिपऱ्या’ ही कादंबरी वाचण्याची विनंती करीन. बोरिवली-अंधेरीहून चर्चगेटकडे आणि मुलुंड-घाटकोपरहून बोरीबंदराकडे जाणाऱ्या असंख्य प्रवाशांनी फलाटावरील बूटपॉलिशवाल्या पोरांसमोर पाय ठेवला, पैसे टाकले आणि गाडी गाठली. साधूंनी मात्र त्या पोरांची भूक, त्यांची मैत्री आणि त्यांच्या जगण्यातील कायदेकानू हा कादंबरीचा विषय मानला.

उद्या तुमच्यापैकी कोणी झोपडपट्टी पुनर्वसनाच्या याद्या तपासील, कोणी कर्जाच्या अर्जावर शेरा मारील, कोणी रुग्णालयाच्या दफ्तरात नोंदी करील. त्या कागदावरील आकडा अचूक असलाच पाहिजे, कारण चुकीच्या नोंदीने गरिबाचे घर जाते. परंतु आकडा अचूक असूनही अन्याय घडू शकतो, जेव्हा तो लिहिणाऱ्यास त्यामागचा मनुष्य ठाऊकच नसतो. म्हणून शेरा मारण्यापूर्वी त्या दारापर्यंत जाण्याचे आणि तेथील माणसाचे म्हणणे पुरतेपणी ऐकून घेण्याचे कष्ट घ्या. पुराव्याविषयी निष्ठा आणि मनुष्याविषयी करुणा एकाच लेखणीत नांदू शकतात, हे साधूंनी सिद्ध केले आहे. त्या दोहोंना आपापल्या व्यवसायात एकत्र नांदविणे, हेच आजच्या सनदेचे तुमच्यावरील ऋण आहे, आणि ते तुम्ही फेडाल असा विश्वास बाळगून मी तुम्हां सर्वांचे मनःपूर्वक अभिनंदन करतो.