चित्रपटाच्या धंद्याचें चित्रण

पडद्यावर काय घडतें हें सर्वांस दिसतें, आणि म्हणूनच तें कसें घडविलें हें पाहण्याची उत्सुकता सर्वांस असते. दादासाहेब फाळके यांनीं ही उत्सुकता फार लवकर ओळखली. ता. ३ मे १९१३ रोजीं मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्यें 'राजा हरिश्चंद्र' लोकांपुढें आला. अवघ्या चार वर्षांनीं, १९१७ सालीं, चित्रपट कसे तयार होतात हेंच दाखविणारा एक लहानसा अनुबोधपट त्यांनीं काढला. त्याचा कांहीं भाग सुदैवानें शिल्लक आहे. त्यांत स्वतः फाळके नटांना अभिनय समजावून देतांना आणि फिल्मची पट्टी हातांत धरून तपासतांना दिसतात.

त्यांत जाहिरातीचा हेतु मुळींच नव्हता, असें कोणी म्हणूं नये. फाळके व्यवहार जाणून होते. वाटाण्याच्या रोपाची वाढ रोज थोडथोडी टिपून तयार केलेली फीत दाखवूनच त्यांनीं १९१२ सालीं भांडवल देणारा मिळविला होता. धंद्यानें स्वतःविषयीं काढलेल्या प्रत्येक अनुबोधपटास हा दोष चिकटलेला असतो. अलीकडे तर मोठ्या चित्रपटाबरोबर त्याच्या निर्मितीचें कौतुक गाणारी एक फीतही निघते. तींत घाम दिसतो, पण तोही सुगंधी! तरीही फाळक्यांची फीत मोलाची ठरते. कॅमेऱ्यापुढें चेहऱ्यावर ऐट आणतां येते. पट्टी न्याहाळणाऱ्या बोटांची संवय मात्र आयत्या वेळीं आणतां येत नाहीं.

अशा चित्रणाची मोठी अडचण निराळीच आहे. ज्या धंद्याचें चित्रण करावयाचें, त्यानेंच आपले पुरावे नष्ट केले आहेत. जुनी फीत नायट्रेटची, अत्यंत ज्वालाग्राही. कित्येक चित्रपट आगींत गेले. कित्येकांची फीत तींतील चांदी काढून घेण्यासाठीं मोडींत निघाली. ता. १४ मार्च १९३१ रोजीं मुंबईस प्रथम दाखविला गेलेला 'आलम आरा' हा आपल्या देशांतील पहिला बोलपट; त्याची एकही प्रत आज उपलब्ध नाहीं. मग अनुबोधपट काढणाऱ्यानें दाखवावें काय? चार छायाचित्रें, जुन्या जाहिराती, आणि वृद्धांच्या आठवणी; त्याही ज्या त्या वेळीं टिपून घेतल्या असतील तर.

शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांनीं या अडचणीलाच विषय केलें. त्यांच्या 'सेल्युलॉइड मॅन' (२०१२) या अनुबोधपटाचा नायक कोणी नट नव्हे. १९६४ सालीं पुण्यास निघालेलें राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय ज्यांनीं घडविलें, ते पी. के. नायर होत. नायरांनीं ठिकठिकाणीं हिंडून फितींचे डबे गोळा केले. फाळक्यांच्या चित्रपटांचे अवशेषही मिळविले. कोणता प्रसंग कोणत्या रिळांत आहे, हें ते तोंडपाठ सांगत. ज्यांच्यावर कधीं प्रकाशझोत पडला नाहीं अशा माणसावर तो टाकण्याचें धाडस येथें झालें, आणि तेंही वेळेवर. कारण नायर २०१६ सालीं वारले.

दरम्यान, २०१४ सालीं, डुंगरपूर यांनीं मुंबईंत फिल्म हेरिटेज फाउंडेशन ही संस्था स्थापन केली. जुनी पट्टी तपासावी कशी आणि फाटली असतां सांधावी कशी, हें तिच्या वर्गांतून तरुणांना शिकविण्यांत येऊं लागलें.