अडीच मिलिमीटर

आलेख ही बघायची गोष्ट आणि रेडिओ हे ऐकायचं माध्यम. तेव्हा आज थोडं काम तुमच्याकडे. हाताशी कागद-पेन्सिल असेल तर घ्या. आलेखाचा कागद असेल तर उत्तमच, नाहीतर मुलांच्या गणिताच्या वहीतलं चौकटींचं पानही चालेल.

समजा, परसात कोंबड्यांसाठी आयताकृती कुंपण घालायचं आहे. जाळी आहे १४ मीटर. चारी बाजू मिळून १४, म्हणजे लांबी आणि रुंदी मिळून ७. लांबी १ मीटर ठेवली तर रुंदी ६ आणि आतली जागा ६ चौरस मीटर. लांबी २ केली तर रुंदी ५, जागा १०. लांबी ३ ला जागा १२, ४ ला पुन्हा १२. मग उतरण लागते : ५ ला १०, ६ ला ६. लांबी शून्य किंवा सात ठेवली तर जाळी मिटूनच जाते, कोंबडीला उभं राहायलाही जागा उरत नाही. लांबीला क्ष आणि जागेला य म्हटलं, तर य म्हणजे ७ क्ष वजा क्षचा वर्ग. क्षचा वर्ग आला आणि त्यापुढचा घात नाही, म्हणून याला द्विघाती फल म्हणतात.

आता आडव्या अक्षावर लांबी घ्या, उभ्या अक्षावर जागा. दोन्हीकडे १ सेंटिमीटरला १ एकक. आठ ठिपके द्या. एक टेकडी दिसू लागेल.

खरा प्रश्न पुढे आहे. हे ठिपके जोडायचे कसे? पट्टी लावायचा मोह होतो. पट्टी कामाची नाही, आणि का नाही ते तक्त्यातच दिसतं. शून्यावरून ६ वर आलो, म्हणजे ६ ची चढण. मग ४ ची, मग २ ची. तीनपासून चारपर्यंत शून्य. मग वजा २, वजा ४, वजा ६. प्रत्येक पावलाला चढण दोनाने कमी होते. पट्टीने काढलेली रेघ म्हणजे एकच चढण; इथे तर ती कुठेच एक राहत नाही. म्हणून हात मोकळा सोडून, मनगट फिरवत, एका दमात वळण काढायचं. माझ्या वर्गातल्या मुलांना हे फारसं आवडत नसे. वर्षभर 'पट्टी वापरा' म्हणून ओरडणारा मास्तर आज 'पट्टी ठेवा' म्हणतोय!

वजा संख्यांचा घोळ वेगळाच. साध्या क्षच्या वर्गाचा आलेख काढताना वजा ३ चा वर्ग वजा ९ लिहिणारी मुलं दरवर्षी भेटत. त्यांना तरी काय बोलावं, कंस न घालता विचारलं तर बरेच कॅल्क्युलेटरही तेच उत्तर देतात. पण इथे ठिपकेच चहाडी करतात. बाकीचे सगळे एका वळणात बसतात आणि हा एकटा भलतीकडे जाऊन पडतो. खरं तर असा आलेख ठरायला तीन ठिपके पुरतात; उरलेले घ्यायचे ते साक्षीला.

तर हे कुंपणाचं गणित मी एका वर्षी दहावीच्या चाचणीत घातलं होतं. बहुतेक मुलांनी तीन आणि चारवरचे दोन ठिपके आडव्या रेघेने जोडले. टेकडीला सपाट माथा. एका मुलीने मात्र त्या दोन ठिपक्यांच्या मध्ये रेघ थोडी वर नेली, गोल फिरवली आणि खाली आणली. मी लाल पेनाने त्यावर फुली मारली आणि एक गुण कापला.

पेपर वाटल्यावर ती टेबलाशी आली. फारसं न बोलणारी मुलगी. म्हणाली, "सर, लांबी साडेतीन मीटर घेता येते ना?"

मी म्हणालो, "तक्त्यात आहे का साडेतीन? नाही ना? मग बस जागेवर."

घरी गेल्यावर तिचं वाक्य डोक्यातून जाईना. साडेतीन गुणिले साडेतीन, सव्वाबारा. माथा सपाट नव्हताच. तो बाराच्या वर पाव एकक होता, म्हणजे कागदावर अडीच मिलिमीटर. तीन आणि चारला उत्तर सारखं, दोन आणि पाचला सारखं, एक आणि सहाला सारखं. कुठलीही जोडी घ्या, मध्य साडेतीनच. कागद त्या रेषेवर दुमडून उजेडासमोर धरला तर ठिपक्यावर ठिपका बसतो. मुख्य म्हणजे गणितात विचारलेली सगळ्यात मोठी जागा तिथेच होती, चौरस कुंपणात. माझ्या तक्त्यात ती नव्हती, कारण मी फक्त पूर्ण संख्या घेतल्या होत्या. समीकरण असं काही म्हणत नाही. शून्य ते सातमधली कुठलीही लांबी द्या, ते उत्तर देतं.

या वळणाला आपण अन्वस्त म्हणतो. गॅलिलिओने १६३८ साली छापलेल्या 'दोन नवी शास्त्रे' या ग्रंथात, फेकलेली वस्तू अन्वस्तातून जाते हे दाखवलं, ते असंच ठिपक्याठिपक्यांनी. पडणारी वस्तू सारख्या कालखंडांत १, ३, ५, ७ या प्रमाणात अंतरं तोडते. बेरजा होतात १, ४, ९, १६. आडव्या रेषेवर सारखी पावलं टाकायची आणि प्रत्येक पावलाखाली तेवढं खाली उतरायचं. पण त्याच ग्रंथात त्याने दुसरीही युक्ती सांगितली आहे. धातूचा आरसा थोडा कलता धरायचा आणि अक्रोडाएवढी काशाची गोळी त्यावर तिरपी फेकायची. गोळी चढते, वळते, उतरते आणि आरशावर रेघ उमटते. त्या रेघेत ठिपके नाहीत आणि मोकळ्या जागाही नाहीत. हे मी बऱ्याच उशिरा वाचलं. चाचणीच्या आधी वाचलं असतं तर बरं झालं असतं.

दुसऱ्या दिवशी मी तिचा गुण वाढवला. पण कसा, तर शिक्षकखोलीत बसून, गुणपत्रकात. वर्गात काहीच बोललो नाही. इतक्या मुलांसमोर 'माझं चुकलं' म्हणायला जीभ वळली नाही.

सहामाहीत मी तसंच गणित पुन्हा घातलं, फक्त जाळी १८ मीटर केली. तक्त्यात ४ आणि ५ ला उत्तर २०. तिचा पेपर मी मुद्दाम आधी काढला. ठिपके नीटनेटके, अक्षांना नावं दिलेली, आणि माथ्यावर पट्टीने मारलेली सरळ आडवी रेघ.

मी तिला बोलावलं. "अगं, मागच्या वेळी तू गोल काढला होतास ना?"

ती म्हणाली, "हो सर. पण तक्त्यात तेवढेच होते."

त्या दिवशी पहिल्या तासाला मी फळ्यावर तोच तक्ता लिहिला. चार आणि पाचच्या मध्ये एक रकाना मोकळा ठेवला. चाचणीतली फुली कोणाची होती आणि ती का चुकीची होती, हे वर्गाला सांगितलं आणि खडू तिच्या हातात दिला. तिने साडेचारचा गुणाकार फळ्याच्या कोपऱ्यात केला, रकान्यात सव्वावीस लिहिलं आणि आलेखावरची आडवी रेघ डस्टरने पुसली.