पाण्याचा हक्क
(धर्मग्रामाच्या महोत्सवप्रसंगीं केलेलें भाषण)



महोत्सवाच्या सभेंत पाण्याचा विषय कशास, असें आपणांपैकीं कित्येकांच्या मनांत आलें असेल. परंतु आपण मलकापुरांत राहतों, आणि पाण्याच्या बाबतींत या गांवाचें नांव दूरवर गेलें आहे. कऱ्हाडला खेटून असलेल्या या गांवीं कोयनेचें पाणी शुद्ध करून चोवीस तास नळानें देण्याची योजना महाराष्ट्र जीवन प्राधिकरणाच्या साह्यानें अमलांत आली. प्रत्येक जोडणीस मीटर; बेतानें वापरणारास दर कमी, उधळणारास अधिक. तोटी सदैव वाहती ठेवल्यास पाणी वायां जाईल, असें कोणासही वाटेल. घडतें मात्र उलट. उद्यां पाणी येणार हें ठाऊक असलें, म्हणजे कोणी पिंपें भरून ठेवीत नाहीं आणि कालचें शिळें म्हणून ओतूनही देत नाहीं. शिवाय नळांत सदैव दाब असल्यामुळें बाहेरची घाण आंत शिरत नाहीं.

परंतु ही झाली सोय. हक्क ही निराळी गोष्ट आहे. सोय देणारा देतो तोंवरच असते.

महाडच्या चवदार तळ्याची गोष्ट आपण सर्वांनीं ऐकली आहे; तिचा शेवट मात्र थोड्यांसच ठाऊक असतो, म्हणून ती अंमळ विस्तारानें सांगतों. १९२३ सालीं सीताराम केशव बोले यांचा ठराव मुंबईच्या कायदेमंडळानें संमत केला, आणि सार्वजनिक विहिरी व पाणवठे अस्पृश्य मानलेल्या लोकांस खुले ठरले. महाडच्या नगरपालिकेनेंही १९२४ सालीं तसाच ठराव केला. कागदावर सारें झालें. तळ्यावर कोणास जातां येईना. २० मार्च १९२७ रोजीं डॉ. बाबासाहेब आंबेडकर आपल्या लोकांसह तेथें गेले व पाणी प्याले. त्याच दिवशीं त्या लोकांस मारहाण झाली, पुढें तळ्याची ‘शुद्धि’ झाली, आणि डिसेंबरांत गांवच्या कांहीं गृहस्थांनीं न्यायालयांतून मनाईहुकूम आणला. अस्पृश्यांस दूर ठेवण्याची वहिवाट अनादि आहे, असें त्यांचें म्हणणें. मुंबईच्या उच्च न्यायालयाचा निकाल लागला १७ मार्च १९३७ रोजीं. ओंजळभर पाण्यासाठीं दहा वर्षें! तोही निकाल मोठा सावध होता: वहिवाट अनादि असल्याचें सिद्ध झालें नाहीं, म्हणून वादी हरले. विहिरी, तळीं व स्नानघाट यांच्या वापरांत जातीवरून आडकाठी करतां येणार नाहीं, हें स्पष्ट शब्दांत आलें तें १९५० सालीं अमलांत आलेल्या घटनेच्या १५ व्या कलमांत.

याकोबाच्या विहिरीवर प्रभूनें शोमरोनी स्त्रीपाशीं पाणी मागितलें, तेव्हां ती चकित झाली; कारण यहुदी माणूस तिच्या भांड्यास शिवत नसे. ही कथा महाराष्ट्राइतकी चटकन क्वचितच कोणत्या देशास समजली असेल.

पुढें जातीच्या जागीं कागद आडवा आला. १ जानेवारी २००० नंतर उभ्या राहिलेल्या अनधिकृत झोपड्यांस मुंबई महापालिका पाणी देत नसे. पाणी हक्क समितीच्या याचिकेवर १५ डिसेंबर २०१४ रोजीं उच्च न्यायालयानें ठरविलें कीं, पाणी हा २१ व्या कलमांतील जीविताच्या हक्काचाच भाग होय. घर बेकायदा असलें, तरी त्यांतील माणसास तें सर्वस्वीं नाकारतां येत नाहीं. दर अधिक लावतां येईल, तहानलेलें मात्र ठेवतां येणार नाहीं. तत्पूर्वीं २८ जुलै २०१० रोजीं संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेनें हाच हक्क १२२ मतांनीं मान्य केला होता. विरुद्ध मत एकही पडलें नाहीं, ४१ राष्ट्रें तटस्थ राहिलीं. पोप फ्रान्सिस यांनींही २०१५ च्या परिपत्रकांत तोच उच्चारिला.

आतां आपल्याकडे वळूं. दिवाळीच्या सुमारास बीडकडून ऊसतोडीच्या टोळ्या कऱ्हाड तालुक्यांत येतात व हंगाम संपेपर्यंत कोप्यांत राहतात. नळ घराच्या नांवावर मिळतो. ज्यास घरच नाहीं, त्याचें नांव मीटरवर चढणार कोठें? बाया पहांटे फडावर निघतात, त्यापूर्वीं हंडा कोठून भरावा हीच त्यांची विवंचना. कोप्यांच्या जागीं हंगामापुरता सार्वजनिक नळ मिळावा, असा अर्ज आम्हीं तयार केला आहे. तो नळ होईपर्यंत चर्चच्या आवारांतील तोटी पहांटे चारपासून मोकळी राहील, आणि तिचें बिल धर्मग्रामाच्या खात्यांतून भरलें जाईल. अर्ज दाराशीं टेबलावर ठेवला आहे. जातांना सही करावी.